आपल्याकडे ज्वालामुखी आहे का? कळसूबाईच्या पायथ्याशी सापडलेलं उत्तर

(रेकॉर्डिंगवरून उतरवलेला मजकूर. बोलताना होणारे 'अं', 'म्हणजे काय की' वगैरे थोडे कमी केलेत, बाकी बोलले तसंच ठेवलंय.)

हेडफोन लावलेत ना नीट? चला.

गेल्या महिन्यात एका श्रोत्याचा व्हॉइस मेसेज आला. अकरावीतला मुलगा, पाथर्डीचा. म्हणाला, "ताई, ते इंडोनेशियाच्या ज्वालामुखीचे रील बघून बघून डोकं फिरलंय. आपल्याकडे एक तरी ज्वालामुखी आहे का?" मी दोन मिनिटांत उत्तर टाइप केलं. भारतातला एकमेव जागता ज्वालामुखी अंदमानात आहे, बॅरन आयलंड नावाच्या बेटावर. तिथे माणसं राहत नाहीत. झालं. पाठवून दिलं.

मग रात्री झोप येईना. कारण हे उत्तर बरोबर असलं तरी अर्धंच होतं. तो मुलगा ज्या ओट्यावर बसून मला प्रश्न विचारत होता ना, तो ओटा, त्या ओट्याखालची जमीन, त्याच्या शेतातली विहीर, शाळेच्या भिंतीतला काळा दगड, सगळा लाव्हाच आहे. थंड झालेला. आपण सगळे नगरकर ज्वालामुखीच्या पोटावर संसार मांडून बसलोय आणि विचारतोय, आपल्याकडे आहे का?

तर आजचा एपिसोड त्याच्यासाठी. आणि थोडासा माझ्या वडिलांसाठीही, ते पुढे सांगते.

आधी एक गोष्ट सांगून टाकते. मी बोलताना 'नगर' म्हणणार. जिल्ह्याचं नाव २०२४ पासून अहिल्यानगर आहे, माहितीये, पण एसटीच्या पाटीवर आणि माझ्या जिभेवर अजून दोन्ही नावं नांदतात. कुणी रागावू नका.

तर मी श्रीगोंद्याकडची. नगर दक्षिण. आमच्याकडे डोंगर म्हणजे लांबवर दिसणारी एक बुटकी, सपाट माथ्याची रेघ. माळ, बाभळी, आणि पाऊस आला तर आला. त्यामुळे महाराष्ट्रातलं सगळ्यात उंच शिखर आपल्याच जिल्ह्यात आहे, हे शाळेत पाठ केलं होतं पण पटलं कधीच नव्हतं. कळसूबाई, उंची १६४६ मीटर, तालुका अकोले. परीक्षेत एक मार्क. बस.

मागच्या वर्षी पहिल्यांदा गेले. नगरहून संगमनेर, तिथून अकोले, पुढे राजूर, आणि मग बारी हे पायथ्याचं गाव. दीडशे किलोमीटरच्या वर प्रवास, आणि तोही सगळा एकाच जिल्ह्यात! क्षेत्रफळाने हा महाराष्ट्रातला सगळ्यात मोठा जिल्हा, १७ हजार चौरस किलोमीटरच्या पुढे. गंमत म्हणजे मुंबईहून बारीला यायलाही जवळजवळ तेवढंच अंतर पडतं. म्हणून तर वर गेल्यावर आजूबाजूला सगळे मुंबईचे, ठाण्याचे, नाशिकचे. मी कुठली विचारलं की नगर सांगायचे, तर एक जण म्हणाला, "अरे वा, लोकल!" मी लोकल! श्रीगोंद्याहून सहा तास एसटीत हाडं खिळखिळी करून आलेली लोकल.

चढ साधारण तीन तासांचा. सुरुवातीला भातखाचरं, मग झाडी, मग कडा आणि त्या कड्याला ठोकलेल्या लोखंडी शिड्या. शिड्या नसत्या तर माझ्यासारखीने खालूनच नमस्कार केला असता. माथ्यावर छोटंसं देऊळ, कळसूबाईचं. आणि देवीची गोष्ट मला फार आवडते. कळसू नावाची कोळ्याची पोर. एका घरी कामाला राहिली, पण अट घातली की भांडी घासणार नाही आणि केर काढणार नाही. बाकी काय म्हणाल ते काम. काही दिवस नीट गेले. मग एक दिवस घरातल्या कुणीतरी तिला नेमकी तीच कामं सांगितली. तिने ती केली, आणि तशीच उठून डोंगरावर निघून गेली. परत खाली आली नाही. ज्या जागी भांडी घासली ती जागा थाळेमेळ म्हणून दाखवतात. लहानपणी आपल्याला सांगितलेल्या बहुतेक देवींनी राक्षस मारलेत. ही एकटीच अशी जिने ठरलेलं काम सोडून दुसरं सांगितलं म्हणून घर सोडलं. एचआरवाल्यांनी ऐकावी अशी गोष्ट आहे.

आता वरून बघा. उत्तरेला नाशिकचा इगतपुरी भाग. पश्चिमेला अलंग, मदन, कुलंग हे तीन गड एका रांगेत. त्यांच्या वाटेवरच्या पायऱ्या १८१८ च्या सुमारास इंग्रजांनी सुरुंग लावून उडवल्या, म्हणून आजही अलंग आणि मदनवर दोराशिवाय जाता येत नाही. दक्षिणेला भंडारदऱ्याचं पाणी चमकतं, त्याच्या पलीकडे रतनगड. आणि सगळ्या डोंगरांकडे एकदा नीट बघितलंत तर एक गोष्ट लक्षात येईल. सगळ्यांना आडव्या रेघा आहेत. सरळ, एकाखाली एक, वहीच्या पानासारख्या. मधे कडा, मग थोडी सपाटी, पुन्हा कडा. जिना असतो ना, तसं.

हाच तो आपला ज्वालामुखी.

ज्वालामुखी म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे शंकूसारखा डोंगर आणि टोकातून उडणारी आग येते. इथे तसं झालं नाही. साधारण ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यातून पातळ लाव्हा बाहेर येऊन पसरत गेला. दुधाचं पातेलं उतू गेल्यावर गॅसच्या ओट्यावर दूध कसं पसरतं, तसा. एक थर पसरला, गार झाला. काही काळ गेला, कधी शेकडो, कधी हजारो वर्षं. वरच्या भागाची माती झाली. मग पुढचा थर आला आणि ती माती खाली भाजून निघाली. घाटातून जाताना दोन काळ्या थरांच्या मधे गेरूसारखी तांबडी पट्टी दिसते बघा, ती बऱ्याचदा ही भाजलेली माती असते. पुढच्या वेळी माळशेज घाटात गाडी थांबवाल तेव्हा वडापाव खाताना जरा कड्याकडे पण बघा.

असे थरावर थर, काही ठिकाणी दोन किलोमीटरच्या आसपास जाडी. आज उरलेलं क्षेत्र पाच लाख चौरस किलोमीटर, म्हणजे अख्ख्या महाराष्ट्राहून बरंच मोठं. याला म्हणतात डेक्कन ट्रॅप. 'ट्रॅप' म्हणजे सापळा नाही हं. स्वीडिश भाषेत जिन्याला जो शब्द आहे त्यावरून आलंय. स्वीडनच्या कुणाला तरी दगडात जिना दिसला आणि आपल्याला आपल्याच डोंगराचं नाव तिकडून मिळालं.

आणि ज्या भेगांतून हे सगळं वर आलं, त्यांतल्या काही आजही दाखवता येतात. संगमनेरच्या आसपास! भेगेत अडकलेला लाव्हा तिथेच गोठला आणि दगडाच्या सरळसोट भिंती तयार झाल्या, मैलोन् मैल लांब. भूशास्त्रात त्यांना डाईक म्हणतात. संगमनेरच्या डाईकांवर जगातल्या नामांकित नियतकालिकांत अभ्यास छापून आलेत. संगमनेरच्या श्रोत्यांनो, पुढच्या वेळी कुणी म्हणालं तुमच्या गावात काय आहे, तर हे सांगा.

बरं, या भेगा पडल्या का? त्या काळी भारत इथे नव्हता. आपला देश म्हणजे एक मोठं बेट होतं, विषुववृत्ताच्या खाली, हळूहळू उत्तरेकडे सरकणारं. ते पृथ्वीच्या पोटातल्या एका तापलेल्या जागेवरून गेलं आणि तिथे हे सगळं उतू गेलं, असं बहुतेक भूशास्त्रज्ञ मानतात. भारत पुढे सरकला. चूल तिथेच राहिली. ती चूल आज रियुनियन नावाच्या फ्रेंच बेटाखाली आहे, तिथला ज्वालामुखी अजून जागता आहे. आणि रियुनियनच्या शेजारचं बेट कुठलं? मॉरिशस. तेही त्याच चुलीवर तयार झालेलं. एकोणिसाव्या शतकात कोकणातून, देशावरून मजूर म्हणून आपली माणसं जहाजाने मॉरिशसला गेली, त्यांची नातवंडं-पतवंडं तिथे आजही गणपती बसवतात. मला हे कळलं तेव्हा अंगावर काटा आला. जिथून आपला दगड आला, त्याच चुलीच्या दुसऱ्या भाकरीवर जाऊन आपली माणसं राहिली. योगायोग आहे, दुसरं काही नाही. पण काय योगायोग आहे!

डायनासोर? हो, तो प्रश्न येणारच. डायनासोर संपले तो काळ आणि हा लाव्हा वाहिला तो काळ जवळजवळ एकच. मेक्सिकोच्या किनाऱ्यावर मोठी उल्का पडली तीही तेव्हाच. मुख्य गुन्हेगार उल्का, की आपला लाव्हा, की दोघं मिळून, यावर अजून वाद चालू आहे. बहुतेकांचं बोट उल्केकडे आहे. आपला लाव्हा सहआरोपी म्हणा.

आता मला स्वतःला ज्या गोष्टीने सगळ्यात जास्त चकित केलं ती. मी समजत होते की कळसूबाई सगळ्यात उंच, म्हणजे तिथला थर सगळ्यात वरचा, सगळ्यात शेवटचा. साफ चूक. भूशास्त्रज्ञांनी डेक्कन ट्रॅपच्या थरांचे गट पाडलेत. सगळ्यात खालच्या, जुन्या गटाला त्यांनी नावच 'कळसूबाई' दिलंय. मधला लोणावळा, वरचा वाई. थर दक्षिणेकडे किंचित कलते आहेत. त्यामुळे कळसूबाईच्या माथ्यावर जे थर आपण पायाखाली घेतो, ते महाबळेश्वरला जमिनीत खोल गेलेले आहेत. आणि महाबळेश्वरच्या माथ्यावरचे थर कितीतरी नंतरचे. म्हणजे महाराष्ट्राच्या सगळ्यात उंच टोकावर उभं राहून तुम्ही खरं तर तळमजल्याच्या जवळ उभे असता. इमारत वाकडी आहे, म्हणून तळमजलाच वर आलाय.

आणि सह्याद्री हिमालयासारखा वर 'उचलून' दुमडलेलाही नाही. हिमालय दोन भूखंडांची टक्कर होऊन उभा राहिला, आपला लाव्हा गार झाल्यानंतर, खूप नंतर. आपले डोंगर म्हणजे पठार झिजून मागे राहिलेले तुकडे. पाण्याने आजूबाजूचं कापून नेलं. कळसूबाई उरली.

पाणी म्हटलं आणि आता मुद्द्यावर येते.

उतरताना बारीत एका मावशींकडे जेवायला थांबले होते. नागलीची भाकरी, पिठलं, ठेचा. जून अजून लागायचा होता. हात धुवायला पाणी मागितलं तर त्यांनी तांब्यातून अगदी बेताने ओतलं. मी सहज म्हटलं, एवढा पाऊस पडतो तुमच्याकडे, पाण्याला काय कमी! त्या हसल्या. म्हणाल्या, पाऊस आमचा, पाणी तुमचं.

मला तेव्हा उत्तर सुचलं नाही. परत येताना एसटीत सगळा रस्ता तेच डोक्यात.

कारण हिशेब बघा. अकोल्याच्या पश्चिम टोकाला घाटघर, रतनवाडी ही गावं आहेत. काही वर्षी तिथे पावसाळ्यात पाच हजार मिलिमीटरच्याही पुढे पाऊस जातो. नगरची चेरापुंजी म्हणतात ते उगाच नाही. आणि आमच्या दक्षिणेकडच्या तालुक्यांत पाचशे-साडेपाचशे झाला की पेढे वाटावेत अशी स्थिती. एकच जिल्हा, दहापट फरक! अरबी समुद्रावरून आलेले ढग कड्याला धडकतात, वर चढतात, गार होऊन तिथेच रिते होतात. ओलांडून आमच्याकडे येईपर्यंत त्यांच्यात नुसता वारा उरतो.

पण पडलेला पाऊस डोंगरावर थांबत नाही. रतनगडाच्या परिसरातून प्रवरा निघते. हरिश्चंद्रगडाच्या परिसरातून मुळा. कळसूबाईची रांग, मधली बाळेश्वराची रांग, आणि दक्षिणेची हरिश्चंद्रगडाची रांग, अशा तीन डोंगररांगा हाताच्या बोटांसारख्या पूर्वेकडे पसरल्यात आणि बोटांच्या मधून या नद्या वाहतात. हरिश्चंद्राच्या रांगेची गंमत तर अशी की तिच्या उत्तर उतारावर पडलेला थेंब गोदावरीला मिळतो, दक्षिण उतारावरचा घोड-भीमेतून कृष्णेला. आणि पश्चिमेला कड्यावरून खाली पडलेला थेंब काळू नदीतून, उल्हास नदीतून अरबी समुद्रात. एकाच ढगातले तीन भाऊ, तिघांचे संसार तीन गावांत.

प्रवरेवर भंडारदऱ्याचं धरण इंग्रजांनी १९१० मध्ये बांधायला घेतलं, १९२६ मध्ये पूर्ण झालं. विल्सन डॅम. ते पाणी खाली गेलं, ऊस झाला. १९५० च्या सुमारास विठ्ठलराव विखे पाटलांनी लोणीला सहकारी साखर कारखाना काढला, अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळ सोबत होते. पुढचा सगळा इतिहास, म्हणजे कारखाने, कॉलेजं, राजकारण, तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त पाठ असेल. मग निळवंडे धरण. मंजुरी १९७० ची आणि डाव्या कालव्यातून पाणी वाहिलं २०२३ मध्ये. माझ्या आईचा जन्म, शाळा, लग्न, माझा जन्म, माझं कॉलेज, एवढं सगळं त्या मधल्या काळात उरकलं. आणि अजून खाली पैठणचं जायकवाडी आहेच. दुष्काळी वर्षात वरून पाणी सोडायचं की नाही यावर दरवेळी नगर-नाशिक एकीकडे आणि मराठवाडा एकीकडे. दोन्हीकडची माणसं तहानलेली असतात, त्यामुळे मी कुणाला खोटं म्हणणार नाही.

घाटघरला आणखी एक प्रकार आहे. वर एक धरण, आणि खाली कोकणात, शहापूर तालुक्यातल्या चोंढ्याला दुसरं. मधे चारशे मीटरच्या वर उतार. विजेची मागणी असते तेव्हा वरचं पाणी खाली सोडून वीज करायची, मागणी नसते तेव्हा तेच पाणी पंपाने परत वर चढवायचं. २५० मेगावॉटचा प्रकल्प, २००८ पासून. म्हणजे आपला कडा ही एक बॅटरीच झाली. पॉवर बँक म्हणा.

हे सगळं पाणी अडवलं, वळवलं, त्यावर वीजही केली. मग डोंगरावरच्या वाड्यांना एप्रिल-मेमध्ये हंडे का न्यावे लागतात?

इथे परत तो लाव्हा येतो. जो थर सलग, घट्ट गोठला, तो काळा पाषाण. त्याच्यात पाणी मुरत नाही, भेगा असतील तेवढंच. आणि ज्या थरात गार होताना वाफेचे बुडबुडे अडकले, तो जाळीदार, झिजला की मुरूम होतो, त्यात पाणी साठतं. डोंगरउतारावर मातीचा थर पातळ, खाली काळा पाषाण. पाऊस धो धो येतो आणि तितक्याच वेगाने निघून जातो. जे थोडं मुरतं ते थराच्या कडेने झऱ्यासारखं बाहेर येतं आणि उन्हाळ्यापर्यंत आटतं. घसरगुंडीवर बादली ओतल्यासारखं.

आता वडिलांची गोष्ट. आमच्या शेतात वडिलांनी दोन बोअर घेतले. पहिला अडीचशे फूट, धूळ. दुसरा साडेतीनशे फूट, धूळ. कर्ज काढून. जागा कशी ठरवली? एका माणसाने नारळ हातावर ठेवून रानात फिरून दाखवली. नारळ उभा राहिला तिथे पाणी. मी तेव्हा नववीत होते. भूगोलाच्या पुस्तकात 'दख्खनचे पठार अग्निजन्य खडकाचे आहे' हे वाक्य मी त्याच आठवड्यात पाठ करत होते आणि त्या वाक्याचा आमच्या बोअरशी काही संबंध असेल असं मला कुणी सांगितलं नाही, मलाही सुचलं नाही. शेजारच्या ओढ्याच्या काठाला दरड कोसळून तीन थर उघडे पडलेत. वर मुरूम, मधे काळा, खाली परत जाळीचा. ते बघून निदान किती खोलीवर काय लागेल याचा अंदाज तरी करता आला असता. वडील आजही त्या नारळवाल्याबद्दल वाईट बोलत नाहीत. म्हणतात, आमचं नशीब. मला राग येतो. नशीब नव्हतं ते, दगड होता.

याच जिल्ह्यात राळेगणसिद्धी आहे, हिवरे बाजार आहे. हिवरे बाजारने काय केलं? डोंगरउतारावर चर खणले, पळणारं पाणी चालतं केलं, चालणारं थांबवलं. शेतीसाठी बोअर घ्यायचा नाही असा गावाने नियम केला. दरवर्षी पाऊस मोजून पाण्याचा ताळेबंद मांडतात आणि मग कुठलं पीक घ्यायचं ते ठरवतात. लोक भाषणात हे 'चमत्कार' म्हणून सांगतात. चमत्कार काही नाही, वरच्या जाळीदार थरात जेवढं मावतं तेवढंच वापरायचं, हा हिशेब आहे. खालच्या काळ्या पाषाणाला भोकं पाडून कोट्यवधी वर्षांचा दगड बदलत नाही.

बाकी विहीर खणताना सगळंच वाईट निघतं असं नाही. त्या बुडबुड्यांच्या पोकळ्यांत नंतर खनिजांचे स्फटिक वाढतात. राहुरीजवळ मोमीन आखाड्याला एका विहिरीच्या खोदकामात हिरव्या ॲपोफिलाइटचे गोळे निघाले, चकचकीत, डिस्कोतल्या गोळ्यासारखे. आज जगभरच्या खनिज-संग्राहकांना 'मोमीन आखाडा' हे नाव माहितीये. नगरच्या किती जणांना माहितीये?

वेळ होत आलाय, पण हरिश्चंद्रगड सोडून चालणार नाही, नाहीतर ट्रेकर मंडळी मला ब्लॉक करतील. उंची १४२४ मीटर, कळसूबाईपेक्षा कमी, पण रुबाब जास्त. पाचनईहून वाट सोपी, खिरेश्वरहून तोलार खिंडीची लांब, आणि नळीची वाट, तिच्या वाटेला अनुभव नसताना जाऊ नका, प्लीज. केदारेश्वराच्या गुहेत भलंमोठं शिवलिंग, भोवती कमरेएवढं बर्फासारखं पाणी, चार खांबांपैकी एकच शाबूत. आणि कोकणकडा. आत वळलेला, नागाच्या फण्यासारखा, शेकडो मीटर सरळ खाली. पावसाळ्यात नशीब असेल तर तिथे इंद्रवज्र दिसतं. पाठीमागे सूर्य, समोर खालच्या दरीत ढग, आणि त्या ढगावर गोल रंगीत कडं, मधोमध तुमची स्वतःची सावली. साइक्स नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने याचं वर्णन १८३५ मध्ये छापलेल्या निबंधात केलंय. मी तीनदा गेले, तीनदा नुसतं धुकं दिसलं.

मे संपताना भंडारदरा-घाटघर भागात काजवे येतात. हिरडा, बेहडा, सादड्याची झाडं अख्खी लुकलुकतात. हा सगळा भाग कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात येतो, १९८६ पासूनचं, ३६१ चौरस किलोमीटरचं. शेकरूसुद्धा इथे आहे. आणि शनिवारी रात्री गाड्यांची रांग, हेडलाइट, स्पीकर. काजव्याचा नर प्रकाश दाखवून मादीला बोलावतो. त्याच्या तोंडावर तुम्ही एसयूव्हीचा हाय बीम मारला तर बिचाऱ्याने काय करायचं? वन विभागाने वेळेची बंधनं घातलीत, पण गर्दीपुढे ती किती टिकतात ते तुम्ही जाऊन आलात तर तुम्हालाच माहितीये. दुसरी बाजू पण सांगते. त्या तीन आठवड्यांत तंबू, जेवण, गाईड यातून तिथल्या पोरांची वर्षाची मोठी कमाई होते. त्यामुळे 'जाऊच नका' असं मी म्हणणार नाही. आठवड्याच्या मधल्या दिवशी जा, दिवे बंद ठेवा, जेवण गावात करा. आणि पाणी सोबत न्या, येताना रिकाम्या बाटल्या परत आणा. मावशींच्या रांजणातलं पाणी त्यांनी डोक्यावरून आणलेलं असतं.

ज्यांना इतक्या लांब जायला जमत नाही त्यांच्यासाठी. नगर शहराच्या पूर्वेला डोंगरावर 'चांदबिबीचा महाल' आहे ना, तो महाल नाही आणि चांदबिबीचा पण नाही. निजामशाहीतला वजीर सलाबतखान याची ती कबर. संध्याकाळी जा, गच्चीवरून खालचे थर-थरांचे डोंगर मस्त दिसतात. आणि पारनेर तालुक्यातलं निघोज. कुकडी नदीने काळ्या पाषाणात रांजणासारखे खळगे पाडलेत. प्रवाहात गोटे अडकतात, गरागरा फिरतात, फिरून फिरून भोक पाडतात. जगात सगळ्यात मोठे, आशियात पहिले असे बोर्ड आहेत तिथे, ते जाऊ द्या. पाणी कमी असताना खळग्यात डोकावून बघा, तळाशी तो गोटा बऱ्याचदा अजून पडलेला असतो.

पाथर्डीच्या दादा, तुझं उत्तर जरा लांबलं. तुझ्या विहिरीच्या कडेला जे थर दिसतात त्यांचा फोटो काढून पाठव. वरून किती फुटांवर रंग बदलतो तेही लिही. बाकीच्यांनीही पाठवा, तालुका आणि गाव लिहून. पुरेसे फोटो जमले तर भूजलातल्या एखाद्या जाणकार माणसाला बोलावून ते सगळे दाखवायचे, असा विचार आहे. माझ्या वडिलांच्या बोअरचा फोटो मी आधीच काढून ठेवलाय.

पुढचा भाग दोन आठवड्यांनी, गुरुवारी. भेटू.